द्रव्य ओळखणाऱ्यांच्या अंगणात : मुळशी खोऱ्यातील एक दिवस

वनस्पतीचे नाव आणि रूप कोणाकडून समजून घ्यावे, याविषयी आपल्या संहिताकारांनी कोणतीही संदिग्धता ठेवलेली नाही. चरकाचार्य सूत्रस्थानाच्या पहिल्याच अध्यायात शेळ्या, मेंढ्या व गाई राखणाऱ्यांकडे आणि अन्य वनवासीयांकडे बोट दाखवितात. सुश्रुताचार्य भूमिप्रविभागाच्या अध्यायात त्यात तापस, व्याध आणि कंदमुळांवर जगणारे यांची भर घालतात. ही वचने आपण विद्यार्थिदशेत पाठ करतो, परीक्षेत लिहितो आणि पुढे आयुष्यभर काष्ठौषधींच्या दुकानात यादी पाठवून द्रव्ये मागवितो. ज्याने ते द्रव्य रानातून आणले त्या मनुष्याचे दर्शन बहुतेकांना कधीच घडत नाही.

ते घडावे, या हेतूने गतवर्षी आश्विन महिन्यात आमच्या शाखेने मुळशी तालुक्यात एका दिवसाची अभ्यास-भेट आखली. दोन गाड्यांतून आम्ही अठरा जण निघालो. त्यांत अकरा चिकित्सक, पाच औषधीनिर्माते आणि दोन द्रव्यगुणाचे अध्यापक होते. ‘सहल’ हा शब्द आम्ही जाणीवपूर्वक टाळला होता. आदिवासींचे जीवन एका दिवसात ‘अनुभवण्याच्या’ सहली आता जगभर निघतात. दक्षिण अमेरिकेत पेरू देशातील कुस्को नगराच्या परिसरात तर तो एक मोठा व्यवसायच आहे. सकाळी अँडीज पर्वतातील गावात जावे, लोकर रंगविण्याचे आणि विणण्याचे प्रात्यक्षिक पाहावे, जमिनीत तापल्या दगडांवर शिजविलेले जेवण जेवावे आणि संध्याकाळी मुक्कामी परतावे, असा तो क्रम. त्यातून गावाला चार पैसे मिळतात हेही खरे. परंतु आम्ही पाहुणे म्हणून जात नव्हतो. पिढ्यान्‌पिढ्यांचे ग्राहक म्हणून जात होतो. फक्त मधला व्यापारी वगळून प्रथमच समोरासमोर येत होतो. म्हणून निघण्यापूर्वी चार गोष्टी ठरवून घेतल्या. विचारल्यावाचून छायाचित्र घ्यायचे नाही, कपडे किंवा खाऊ वाटायचा नाही, वाटाड्यांना पूर्ण दिवसाची मजुरी द्यायची आणि जे पाहू त्याचा नमुना त्यांच्या संमतीनेच घ्यायचा.

चांदणी चौक, भूगाव, पिरंगुट, पौड या मार्गाने सकाळी आठच्या सुमारास धरणाचे पाणी दिसू लागले. पिरंगुटपर्यंत कारखाने, त्यापुढे शेतघरांच्या कमानी, आणि मग एकाएकी दोन्ही अंगांनी पिवळसर झालेली भातखाचरे. आंबेमोहोर निसवलेला होता. गाडीच्या काचा खाली केल्यावर त्याचा वास आत आला.

ज्या जलाशयाच्या काठाने आपण जातो त्याचा इतिहास प्रत्येक वैद्याने एकदा तरी आठवावा. मुंबईच्या गिरण्यांना वीज देण्यासाठी टाटा कंपनीने हे धरण बांधण्यास घेतले आणि 16 एप्रिल 1921 रोजी, रामनवमीस, मावळ्यांनी सत्याग्रह आरंभला. सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांची नावे त्या लढ्याशी कायमची जोडली गेली. सत्याग्रह 1924 पर्यंत चालला. धरण मात्र पूर्ण झाले आणि 1927 पासून भिऱ्याच्या केंद्रात वीजनिर्मिती सुरू झाली. खोऱ्यातील सुपीक खाचरे पाण्याखाली गेली. ज्यांच्या नावावर जमीन होती त्यांच्या मोबदल्यावरून तरी वाद झाला. ज्यांच्या नावावर काहीच नव्हते, त्यांचा विषयच निघण्यासारखा नव्हता. आम्ही ज्या वाडीत गेलो ते लोक या दुसऱ्या वर्गातील.

कातकरी, म्हणजेच काथोडी, ही जमात रायगड, ठाणे आणि पुणे जिल्ह्याचा पश्चिम भाग येथे प्रामुख्याने आढळते. महाराष्ट्रातील कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या तीन जमातींची गणना केंद्र शासन विशेष असुरक्षित आदिवासी समूहांत करते. त्यांच्यासाठी 15 नोव्हेंबर 2023 रोजी प्रधानमंत्री जनमन अभियान सुरू झाले. जमातीचे नावच आपल्या शास्त्राशी निगडित आहे. खैराचा काथ काढणारे ते कातकरी. चरकाचार्यांनी कुष्ठघ्न द्रव्यांत ज्या खदिरास अग्रस्थान दिले त्याचे सार काढून देणारा हा समाज. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जंगले राखीव झाली, खैर तोडणे गुन्हा ठरला आणि काथ करणाऱ्यांच्या हातून काथ गेला. नाव तेवढे उरले.

वाडी रस्त्यापासून अर्ध्या तासाच्या चढणीवर आहे. पंचवीस-एक घरे, बहुतेकांच्या भिंती कारवीच्या कुडाच्या, वरून शेणामातीचा लेप, काही ठिकाणी अलीकडचे पत्रे. ज्या जमिनीवर ही घरे आहेत ती दुसऱ्याच्या मालकीची. सह्याद्रीतील कित्येक कातकरीवाड्यांची हीच अवस्था असून अंगणात झाड लावावे की नाही याचाही विचार त्यामुळे करावा लागतो. एका वृद्ध गृहस्थांनी आमचे स्वागत केले, पाणी दिले आणि सरळ विचारले, “डॉक्टरसाहेब, काय बघायचं ते सांगा. सगळं रान एका दिवसात व्हायचं नाही.”

आम्ही तीन द्रव्ये निवडली होती. गुडूची, कुटज आणि वाराहीकंद.

गुडूचीच्या बाबतीत सध्या प्रत्येक औषधीनिर्माता चिंतेत आहे. करोनाच्या साथीत गुळवेलीचा खप अपरिमित वाढला. 2021 मध्ये मुंबईतील काही यकृततज्ज्ञांनी गुळवेल घेतलेल्या रुग्णांतील यकृतविकाराचे अनुभव प्रसिद्ध केले. त्यावर आयुष मंत्रालयाने, वापरलेली वनस्पती टिनोस्पोरा कॉर्डिफोलिया हीच होती याची खात्री झाली होती काय, असा प्रश्न उपस्थित केला आणि टिनोस्पोरा क्रिस्पासारख्या सजातीय वेलींशी होणाऱ्या घोटाळ्याकडे लक्ष वेधले. त्या वादाचा निकाल येथे द्यावयाचा नाही. परंतु सारा वाद ‘वेल नेमकी कोणती’ या एका प्रश्नावर येऊन ठेपला, ही गोष्ट विसरता येणार नाही. वाळलेल्या आणि तुकडे केलेल्या पोत्यावरून त्याचे उत्तर देणे तज्ज्ञालाही सूक्ष्मदर्शकाशिवाय अवघड जाते. ज्याने वेल तोडली तो मात्र उत्तर जाणून असतो.

वाटाड्या म्हणून आलेल्या मावशी पन्नाशीच्या असाव्यात. वाडीमागच्या ओहोळाशी त्यांनी पहिली वेल दाखविली. हिरवट खोड, त्यावरची कागदासारखी सुटणारी पातळ साल, हृदयाकृती गुळगुळीत पान, आडव्या छेदात चाकाच्या आऱ्यांसारखी रचना. थोडे वर गेल्यावर दुसरी वेल होती, पाने मोठी आणि खालच्या अंगाने लवदार. आमच्यातील एका तरुण वैद्यांनी तीही गुळवेलच असल्याचे सांगितले. मावशींनी पान उलटे करून त्यांच्या बोटाखाली धरले. “ही केसाळ. ही दिसायला तशीच, पर आम्ही तापाला ही देत न्हाई.” द्रव्यगुणाच्या अध्यापकांनी भिंगातून पाहून सांगितले की ही टिनोस्पोरा सायनेन्सिस, आणि बाजारातल्या पोत्यांत ती सर्रास आढळते. मावशींना अर्थातच भिंग लागले नव्हते.

एका औषधीनिर्मात्यांनी नेहमीचा प्रश्न केला, की कडुनिंबावर चढलेली गुळवेल मिळेल काय? मावशी हसल्याच. “हितं एवढ्या पावसात कडूनिंब कुठला, दादा?” प्रश्न विचारणारेही हसले. घाटमाथ्याच्या अतिपर्जन्याच्या रानात निंब स्वभावतः वाढत नाही, हे वनस्पतिशास्त्राचे प्राथमिक सत्य आहे. तरीही या भागातून ‘निंबावरची गुळवेल’ म्हणून माल विकला जातो आणि त्याला चढा भाव मिळतो! मागणी अशी असली की पुरवठाही तसाच होतो. यात रानातल्या माणसाचा दोष कमी आणि आपल्या चिठ्ठीचा अधिक.

तोडण्याची रीत पाहण्यासारखी होती. मावशींनी गुडघ्याच्या वर खोड छाटले, अंगठ्याएवढा जाड भाग घेतला आणि शेंड्याकडचा हिरवा भाग झाडावर तसाच लोंबता ठेवला. महिन्याभरात तो खाली दोऱ्यासारखी मुळे सोडतो आणि जमीन धरतो, असे त्यांनी सांगितले. छिन्नरुहा हा पर्याय आपण सर्वांनी पाठ केला आहे. त्या पर्यायाचा अर्थ कोणी कोयत्याने करून दाखविलेला आम्ही प्रथमच पाहिला. व्यापाऱ्याचे टेम्पो येतात तेव्हा अशी रीत पाळली जात नाही. वजनावर पैसे असल्याने मुळासकट ओढून काढले जाते. ओहोळाच्या पलीकडची बाजू त्यामुळे मोकळी झाली असल्याचे वाडीतील तरुणांनी दाखविले.

कुटजाचा प्रसंग याहून लहान, पण औषधीनिर्मात्यांना अधिक झोंबणारा. प्रवाहिका-अतिसारावर आपण ज्याची त्वचा वापरतो तो पांढरा कुडा, होलार्रीना. त्याच्या जागी काळ्या कुड्याची, म्हणजे रायटियाची साल येते, ही तक्रार जुनी आहे. दोन्ही झाडे एकाच उतारावर उभी होती आणि आश्विन असल्याने शेंगा लागलेल्या होत्या. वाडीतील आठ-नऊ वर्षांच्या एका मुलीने दुरूनच सांगितले, “त्याची शेंग जोडलेली, त्यो काळा.” काळ्या कुड्याच्या कोवळ्या शेंगांची टोके एकमेकांस चिकटलेली असतात, पांढऱ्याच्या शेंगा सुट्या लोंबतात. बी चाखले तर फरक आणखी स्पष्ट होतो, एक इंद्रजव कडू आणि दुसरा गोड. शाळेच्या पटावर या मुलीचे नाव आहे, पण वर्षातील निम्मे दिवस ती शाळेत नसते. त्याचे कारण पुढे येईलच.

आमच्या मते त्या दिवसाचा सर्वांत मोलाचा भाग दुपारी झाला. वाराहीकंद म्हणून आपण ज्याचा विचार करतो तो डायोस्कोरिया बल्बिफेरा. वाडीत त्याला कडू कांदा म्हणतात. वेलीवर पानांच्या बेचक्यात लागणारे काळपट गोळे त्या दिवसांत मुबलक होते. कंद कडू, घशाला लागणारा, कच्चा खाल्ल्यास उलट्या करविणारा. तरीही जुन्या पिढीसाठी तो भुकेच्या महिन्यांचा आधार होता. तो खाण्यायोग्य कसा करतात ते एका आजींनी आम्हांला सविस्तर दाखविले. साल काढून पातळ काप करायचे, चुलीची राख घालून उकळायचे, ते पाणी टाकून द्यायचे, मग काप टोपलीत घालून रात्रभर वाहत्या ओहोळात ठेवायचे. सकाळी एक काप जिभेच्या टोकाला लावून पाहायचा. कडवटपणा राहिला असेल तर पुन्हा राख, पुन्हा उकळणे, पुन्हा पाणी. आदल्या दिवशी त्यांनी टोपली ओहोळात ठेवलीच होती. आम्ही ते काप मिठाबरोबर खाल्ले. चव बटाट्यासारखी, शेवटी किंचित कडसर.

येथे द्रव्यगुणाच्या दोन्ही अध्यापकांनी वह्या काढल्या. क्षारजल, स्वेदन, प्रक्षालन आणि शेवटी परीक्षा, या क्रमाला शोधनाव्यतिरिक्त कोणते नाव द्यावे? आपण वत्सनाभ गोमूत्रात ठेवतो, भल्लातक विटेच्या चुऱ्यात घोळतो आणि त्याला रसशास्त्र म्हणतो. आजींच्या क्रियेला नाव नाही, परंतु सिद्धिलक्षण आहे. जिभेच्या टोकाची परीक्षा हे सिद्धिलक्षणच होय. कंद कधी काढता, हे विचारल्यावर त्यांनी पावसाळा सरल्यावर, वेल पिवळी पडू लागल्यावर, असे उत्तर दिले. चरकाचार्यांनी कल्पस्थानात त्वचा, कंद आणि क्षीर शरदात घ्यावे असे सांगितले आहे. पुण्याच्या बाजारात वाराहीकंद बारमाही मिळतो, आणि तो कोणत्या ऋतूत काढला हे दुकानदाराला विचारण्याची पद्धत नाही.

येथवरचे वर्णन वाचून कोणाला वाटेल की रानातले सर्वच ज्ञान आम्ही शिरोधार्य मानले. तसे नाही. जेवणानंतर सर्पदंशाचा विषय निघाला आणि त्या वृद्ध गृहस्थांनी दंशावर उगाळून लावायच्या एका मुळीची महती सांगितली. आमच्यातील ज्येष्ठ वैद्यांनी तिचे नाव नोंदवून घेतले, परंतु त्याच बैठकीत, आदर राखून, स्पष्ट सांगितले, “बाबा, मुळी खुशाल लावा, पण माणूस आधी गाडीत घाला. पौडच्या रुग्णालयात नेताना वाटेत लावा.” बाबांनी क्षणभर विचार करून म्हटले, “गाडी कुठं असते, साहेब?” प्रश्न रास्त होता. वाडीपासून पक्का रस्ता अर्ध्या तासावर आहे आणि पावसाळ्यात तो अर्धा तास पाऊण तासाचा होतो. अखेर रस्त्यालगतच्या गावातील एका जीपवाल्याचा क्रमांक वाडीतील तीन घरांत लिहून ठेवण्याचे ठरले. चरकाचार्यांनीही वनवासीयांचा दाखला दिल्यानंतर लगेच बजावले आहे की केवळ नाम-रूपाच्या ज्ञानाने औषधीचे संपूर्ण ज्ञान होत नाही. देश, काळ आणि पुरुष पाहून योजना जाणतो तो खरा वैद्य. ओळख त्यांची, योजना आपली. ही वाटणी स्वच्छ राहिली तर दोघांचेही बरे आहे, असे आम्हांस वाटते.

दुपारनंतर गवळी धनगरांच्या एका वाड्यावर गेलो. तेथे फार वेळ मिळाला नाही. म्हशी रानातून परतत होत्या आणि घरची मंडळी कामात होती. एवढे मात्र कळले की व्यालेल्या जनावराला आणि बाळंतिणीला कुंभ्याचे औषध देण्याची चाल तेथे अद्याप आहे. ताकाचा पाहुणचार घेऊन आम्ही ताम्हिणीकडे निघालो.

ताम्हिणीस विंझाई देवीचे स्थान आणि तिची देवराई आहे. सह्याद्रीतील देवराया म्हणजे अंधश्रद्धेने राखलेली झाडी नव्हे, तर वनस्पतींची जिवंत कोठारे आहेत, हे 1970 च्या दशकात डॉ. माधव गाडगीळ आणि डॉ. वा. द. वर्तक यांनी पद्धतशीर अभ्यासाने दाखविले. 2013 मध्ये ताम्हिणी परिसरास अभयारण्याचा दर्जा मिळाला. आत शिरताच तापमान उतरते आणि पायांखाली पाचोळ्याची गादी लागते. आमच्यातील एकाने खाली पडलेले फळ उचलले, तेव्हा सोबत आलेल्या मावशींनी ते हातातून घेऊन पुन्हा तेथेच ठेवले. काहीही बोलल्या नाहीत. विडंगाच्या नावाने आपण जे विकत घेतो ते बहुधा एम्बेलिया रायब्स नसून तिच्या भावंडाचे किंवा आटकीचे फळ असते आणि अशोकत्वचेच्या पोत्यात आसुपालवाची साल येते, या विषयावर परतीच्या वाटेवर बरीच चर्चा झाली. ती स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

आता उचलीविषयी. वाडीतील बहुतेक कुटुंबे भाऊबीज झाली की वीटभट्ट्यांवर आणि कोळशाच्या भट्ट्यांवर जातात. पावसाळ्यात घरात धान्य नसते, तेव्हा भट्टीमालकाचा मुकादम येऊन उचल देतो. ती फेडण्यासाठी नवरा-बायको आणि मुले सात महिने विटा थापतात, ज्येष्ठात परततात, तोवर हिशेबात काही बाकी निघालेलीच असते. कुडा दुरून ओळखणारी ती मुलगी शाळेत नसते ती याच काळात. गुळवेलीचे जाड खोड काढण्याचे दिवसही हेच. म्हणजे ज्या हातांना वेल कळते ते हात नेमके त्या वेळी विटा थापत असतात आणि रानात व्यापाऱ्याने आणलेले, कोणतीही वेल ओढून काढणारे मजूर असतात. आपल्या पोत्यातील भेसळीचे मूळ आम्हांस त्या दिवशी येथे दिसले. शेड्यूल टी अन्वये कच्च्या द्रव्याच्या नोंदवहीत आपण पुरवठादाराचे नाव लिहितो. ते नाव व्यापाऱ्याचे असते आणि नोंद तेथेच संपते.

या संदर्भात पुन्हा अँडीजची आठवण होते. क्विनाईन ज्या सालीतून निघते तो सिंकोना त्याच पर्वतातील वृक्ष. त्याच्या अनेक जाती, आणि बहुतेकांत क्विनाईन अल्प. बोलिव्हियातील मानुएल इन्क्रा मामानी या आयमारा आदिवासीला उत्तम सालीचे झाड ओळखता येत असे. त्याने निवडून आणलेले बी चार्ल्स लेजर या इंग्रज व्यापाऱ्याच्या हाती 1865 मध्ये आले. ते डच सरकारने विकत घेऊन जावा बेटात पेरले आणि विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात जगातील बहुतेक क्विनाईन जावातून येऊ लागले. बी देशाबाहेर दिल्याबद्दल मामानीला मात्र अटक झाली, बेदम मारहाण झाली आणि त्यातच तो मरण पावला. त्या जातीला वनस्पतिशास्त्राने नाव दिले सिंकोना लेजरियाना. ज्याने ओळखले त्याचे नव्हे, ज्याने विकले त्याचे.

उलट उदाहरण आपल्याच देशात आहे. केरळातील अगस्त्यमलयाच्या रानात 1987 मध्ये कानी आदिवासींनी शास्त्रज्ञांना आरोग्यपच्चा ही वनस्पती दाखविली. तिरुवनंतपुरम्‌च्या उष्णकटिबंधीय वनस्पती उद्यान संस्थेने तिच्यापासून ‘जीवनी’ हे औषध सिद्ध केले, उत्पादनाचा परवाना एका आयुर्वेदीय औषधी कंपनीस दिला आणि परवाना शुल्काचा व स्वामित्वधनाचा निम्मा भाग कानींच्या विश्वस्त निधीस देण्याचे ठरविले. पुढे त्या व्यवहारात वनखात्याशी मतभेद, कच्च्या मालाची टंचाई असे अडथळे आले, ते दडविण्याचे कारण नाही. तरीही वाटा द्यावा, हे तत्त्व कायद्याने सक्तीचे होण्यापूर्वी तेथे आचरणात आले होते.

कायद्याची स्थिती आपल्या सभासदांस ठाऊक असावी. जैवविविधता कायदा 2002 चा. डिसेंबर 2018 मध्ये उत्तराखंड उच्च न्यायालयाने भारतीय औषधी कंपन्यांनाही लाभांश वाटप बंधनकारक असल्याचा निर्णय दिला. त्यानंतर 2023 ची दुरुस्ती आली आणि 1 एप्रिल 2024 पासून ती अमलात आहे. तीनुसार संहिताबद्ध पारंपरिक ज्ञान, लागवडीखालील औषधी वनस्पती आणि नोंदणीकृत आयुष चिकित्सक यांना महत्त्वाच्या सवलती मिळाल्या आहेत. व्यवसायाच्या दृष्टीने ही सोय झाली आणि तिचे आम्ही स्वागत करतो. मात्र संहिताबद्ध ज्ञान म्हणून जे आज सवलतीस पात्र आहे, त्याच संहिता द्रव्याची ओळख वनवासीयांकडून घ्या म्हणून सांगतात, ही गोष्ट कायद्याच्या भाषेत कोठेच बसत नाही. ती आपणच बसविली पाहिजे. वनहक्क कायदा 2006 ने गौण वनोपजावर आदिवासींचा हक्क मान्य केला आहे आणि गुळवेल किमान आधारभूत किमतीच्या यादीत आहे. ठाणे जिल्ह्यातील शहापूर तालुक्यात कातकरी तरुणांनी वनधन केंद्राच्या द्वारे गुळवेल गोळा करून थेट मोठ्या औषधी कंपन्यांना पुरविण्यापर्यंत मजल मारली, हे उदाहरण आपल्यासमोर आहे. मुळशीत असे होण्यास अडचण कोणती?

अडचणी आहेत, आणि त्या आम्हांस गेल्या वर्षभरात कळल्या. त्या भेटीनंतर आमच्यातील चार औषधीनिर्मात्यांनी एकत्र येऊन दिवाळीपूर्वीच गुळवेलीच्या मागणीपोटी अग्रिम रक्कम वाडीला दिली. भाव व्यापाऱ्याच्या दीडपट ठरला. अट एकच, केसाळ वेल नको आणि मूळ उपटायचे नाही. सात कुटुंबे त्यामुळे भट्टीवर गेली नाहीत. उरलेली गेली, कारण त्यांनी उचल आषाढातच घेतलेली होती आणि आमची रक्कम आश्विनात पोहोचली. पहिल्या खेपेचा माल ओळखीच्या दृष्टीने निर्दोष होता, द्रव्यगुणाच्या अध्यापकांनी तपासलेल्या नमुन्यांत एकही परकी वेल निघाली नाही. परंतु दोन पोत्यांना बुरशी आली, कारण ओले तुकडे घरात रचून ठेवले होते. मग करवीच्या काठ्यांचे, जमिनीपासून कमरेएवढे उंच, वर पत्र्याची सावली असे दोन माळे वाळवणासाठी बांधून घेतले. दुसऱ्या खेपेस बुरशी नव्हती. रस्त्याच्या डांबरावर माल वाळविण्याची सवयही त्यामुळे सुटली. ओल्या वेलीचे वजन वाळल्यावर निम्म्याहूनही बरेच उतरते, म्हणून भाव ओल्याचा की वाळल्याचा हे आधीच लिहून घ्यावे. आमच्याकडे या एका मुद्द्यावर मार्चमध्ये अर्धा दिवस बोलाचाली झाली आणि ती मावशींनीच मिटविली.

यंदा अग्रिम आषाढ संपण्यापूर्वी द्यावयाचा आहे. गुळवेलीबरोबर शरदात काढलेला वाराहीकंद आणि पांढऱ्या कुड्याची साल मर्यादित प्रमाणात घेण्याचा विचार आहे. साल उभ्या पट्टीत, झाडाच्या एकाच अंगाने काढावयाची हे वाडीशी बोलून ठरले आहे. वाडीची माहिती लोकांच्या जैवविविधता नोंदवहीत त्यांच्याच नावाने जावी, यासाठी ग्रामपंचायतीशी पत्रव्यवहार सुरू आहे. ज्या सभासदांना आपली मागणी यात समाविष्ट करावयाची आहे त्यांनी द्रव्य, अंग, अपेक्षित वजन आणि ते ओले हवे की शुष्क, हे आषाढी एकादशीपर्यंत शाखेच्या कार्यालयात लेखी कळवावे. ‘निंबावरची’ असा शेरा कृपया लिहू नये.